भाच्याला ऐतिहासिक सिनेमा-मालिकांचा एडिटर व्हायचंय, जाणकारांनी बोलावं

जयंतीकाठ (सोमवार, रात्री 9:40)

नमस्कार मंडळी. एरवी मी इथे नुसती वाचत असते. या वेळी घरातलाच प्रश्न आला म्हणून धागा काढलाय.

माझा भाचा (भावाचा मुलगा) संभाजीनगरला विद्यापीठाच्या नाट्यशास्त्र विभागात शिकतो. गेला होता नट व्हायला. पहिल्या सहामाहीतच त्याच्या लक्षात आलं की स्वतः स्टेजवर जाण्यापेक्षा इतरांच्या प्रयोगांचं शूटिंग कापून जोडण्यात आपल्याला जास्त गोडी आहे. आता म्हणतो, एडिटर व्हायचं, आणि तेही ऐतिहासिक सिनेमा-मालिकांचा. भाऊ आमचा शेतकरी. अंबाजोगाईपासून बारा किलोमीटरवर गाव, साडेतीन एकर, सोयाबीन आणि तूर. तो म्हणाला, "कापायचंच असंल तर टेलरिंग शिक, चौकात दुकान टाकून देतो."

मी शाळेत मराठी शिकवते, मला या धंद्यातलं ओ की ठो कळत नाही. एडिटर दिवसभर करतो काय? पोट भरतं का? मुंबईलाच जावं लागतं का? आणि ऐतिहासिकच करीन हा हट्ट बरा की वाईट? कुणी या क्षेत्रात असेल तर सविस्तर लिहा. मुलगाही वाचणार आहे.

रिकामटेकडा_उदगीर (सोमवार, रात्री 9:52)

ताई, यंदा सोयाबीन काढणीला एकरी काय मागायलेत ते बघा. कापायचे पैसे तिथंच जास्त हायत.

(गंमत केली, राग नको. वाचायलोय.)

बँकेतला_माणूस (सोमवार, रात्री 10:15)

मी स्पष्ट बोलतो, वाईट वाटून घेऊ नका. पंचवीस वर्षं कर्जाच्या फायली बघतोय. "मीडिया"मध्ये असलेल्या माणसाला घरासाठी कर्ज देताना आमचा हात थरथरतो, कारण पगाराची चिठ्ठीच नसते. आणि आता एआय आलंय. पुढच्या पाच-सात वर्षांत मशीनच कापून जोडून देईल. मुलाला बी.एड. करू द्या, नाहीतर स्पर्धा परीक्षा. छंद म्हणून रविवारी एडिटिंग करायला कोण नको म्हणतंय?

फुकटचा_समीक्षक (सोमवार, रात्री 11:03)

विषय निघालाच आहे तर एक शंका. हे ऐतिहासिकवाले एडिटर झोपेत काम करतात का? परवा एका मालिकेत शिवकाळातल्या मावळ्याच्या उघड्या दंडावर लस टोचल्याचा व्रण ठसठशीत दिसत होता. मुळात लस हा प्रकारच 1796 चा, जेनरनंतरचा. लढाईच्या शॉटमध्ये मागे गुलमोहर फुललेला. गुलमोहर मादागास्करचा, आपल्याकडे आला एकोणिसाव्या शतकात. आणि कडी म्हणजे सैन्य गुडघाभर गाजरगवतातून धावत होतं. गाजरगवत पुण्यात पहिल्यांदा नोंदलं गेलं ते 1950 च्या दशकात! एवढं माझ्यासारख्या निवृत्त शेतकी अधिकाऱ्याला दिसतं, तर पैसे घेऊन बघणाऱ्याला दिसू नये?

जयंतीकाठ (मंगळवार, सकाळी 7:20)

समीक्षककाका, गाजरगवताचं वाचून शाळेला जाताना रिक्षात एकटीच हसले.

बँकेतल्या दादांचं म्हणणं भावालाही पटलंय. पण कुणी प्रत्यक्ष काम केलेलं बोलेल का?

कात्रीवाला_जालना (बुधवार, पहाटे 4:10)

ताई, धागा उशिरा दिसला, रात्रपाळी चालू आहे. मी मूळचा अंबड तालुक्यातला. सोळा वर्षं मुंबईत एडिटिंग करतोय, त्यातली साधारण अकरा ऐतिहासिकात गेली. दोन मोठ्या मालिका, तीन सिनेमे आणि एक सिनेमा जो अजून डब्यातच आहे. नावं सांगणार नाही. टोपणनाव घेतलंय तेच मोकळं बोलता यावं म्हणून.

आधी समीक्षकसाहेबांचं. तो व्रण आम्हाला दिसतो हो. साठ इंची पडद्यावर दिवसाला दोनशे वेळा दिसतो. पण ज्या टेकमध्ये व्रण दिसतो त्याच टेकमध्ये नट खरा रडलेला असतो, आणि ज्यात बाही नीट आहे त्यात तो ग्लिसरीनवर आलेला असतो. मी कुठला ठेवू? वॉल्टर मर्च नावाचे एक बुजुर्ग अमेरिकन एडिटर आहेत. चांगल्या कटाच्या त्यांनी सहा कसोट्या सांगितल्यात. त्यात भावनेला 51 टक्के वजन दिलंय, गोष्टीला 23, लयीला 10, आणि सगळ्यात शेवटी, माणूस खोलीत कुठं उभा होता वगैरे जागेच्या सातत्याला फक्त 4. व्रण पुसता येतो, पण पुसायचं काम व्हीएफएक्सकडे (संगणकावर चित्र बदलणाऱ्यांकडे) जातं, तिथं शॉटमागं पैसे मोजावे लागतात, आणि ते पैसे आधीच पाच हजारांच्या फौजेवर खर्च झालेले असतात. गाजरगवताचं मात्र मान्य. ते आम्हालाही ओळखू आलं नव्हतं. शेतकऱ्याची पोरं असून!

फौजेचं सांगतो. सेटवर साठ-सत्तर ज्युनियर आर्टिस्ट असतात. कॅमेरा घट्ट बांधून ठेवतात. तीच माणसं आधी डावीकडे उभी करतात, मग मध्ये, मग उजवीकडे, आणि फेट्यांचे रंग बदलून मागच्या रांगेला परत तसंच. ते तुकडे एकमेकांशेजारी चिकटवले की चारशेच्या वर होतात. त्याच्या मागचे साडेचार हजार संगणकातले. एडिटरनं हे सगळं व्हायच्या आधीच, हिरव्या पडद्यासमोर सत्तर माणसं ओरडताना दिसत असतात तेव्हाच ठरवायचं असतं की हा शॉट सव्वादोन सेकंदांचा ठेवायचा की तीनचा. कारण तीन ठेवला आणि नंतर पाऊण सेकंद कापला, तर त्या पाऊण सेकंदाचे पैसे पाण्यात. आमच्याकडे "पिक्चर लॉक" म्हणतात ना, म्हणजे यापुढं कट बदलायचे नाहीत, ऐतिहासिकात ते कुलूप लवकर लावावं लागतं, आणि नंतर उघडायला गेलं की निर्माता रडतो.

घोड्यांचा निराळाच पाढा आहे. प्राणी वापरले असतील तर 2001 च्या नियमांनुसार जीवजंतू कल्याण मंडळाची परवानगी आणि ना-हरकत पत्र लागतं. ते नसेल तर सेन्सॉर पुढं सरकत नाही. त्यामुळे जुन्या सिनेमात घोडा तोंडावर आपटायचा तसा आता खरा पाडता येत नाही. मग पडणारा स्वार वेगळा, रिकामा पळणारा घोडा वेगळा, धूळ वेगळी, आणि मध्ये एक ढाल कॅमेऱ्यासमोरून आडवी गेली की तिच्याआड मी कट लपवतो. तुम्हाला वाटतं घोडा पडला.

आता लोकांना वाटतं ऐतिहासिकात लढाई कापणं अवघड. लढाई सोपी असते ताई. धूर, धूळ, आरडाओरडा, तलवारीचा खणखणाट, चार फ्रेम इकडं-तिकडं झाल्या तरी खपून जातं. अवघड असतो दरबार. वीस माणसं मांडी घालून बसलेली, कुणी हलायचं नाही, एकजण तीन मिनिटांचं पल्लेदार भाषण करतोय आणि मध्ये कुणी बोलायचं नाही. तिथं एडिटरचा खरा कस लागतो. बोलणाऱ्याकडं किती वेळ बघायचं आणि ऐकणाऱ्याकडं कधी, यात नवीन पोरं आडवी होतात.

झोपतो आता. रात्री परत येतो.

ट्रिमबिन (बुधवार, दुपारी 2:30)

कात्रीवाला यांनी शिखरावरून सांगितलं, मी पायथ्यावरून सांगते. चार वर्षं असिस्टंट एडिटर होते, मग सोडलं. सध्या नांदेडला असते, शैक्षणिक व्हिडिओ करते, संध्याकाळी सातला घरी.

आधी टोपणनावाचा खुलासा. फिल्म होती तेव्हा कापून उरलेले तुकडे खिळ्यांना लटकवायचे, खाली कापड लावलेला मोठा डबा असायचा, तो ट्रिम बिन. मी फिल्मवर एक दिवसही काम केलं नाही, पण आमच्या सरांनी केलं होतं. ते सांगायचे, एका फुटात 16 फ्रेम, सेकंदाला 24, म्हणजे मिनिटाला 90 फूट, आणि हजार फुटांचा डबा अकरा मिनिटांत संपला. निगेटिव्ह महाग, म्हणून दिग्दर्शक "अॅक्शन" म्हणायच्या आधी दहा वेळा विचार करायचा. आता कार्ड पुसून परत वापरतात. एका दरबाराच्या प्रसंगाला तीन कॅमेरे, प्रत्येकाचे चौदा टेक, आणि "कट" म्हणायचंच विसरलेला दिग्दर्शक. ते सगळं बघणार कोण? असिस्टंट.

मुलाला हे नीट सांगा. पहिली दोन-तीन वर्षं तो काहीही "एडिट" करणार नाही. हार्ड डिस्क येणार, तिच्या दोन प्रती काढायच्या, प्रॉक्सी (एडिटिंगसाठी हलक्या प्रती) बनवायच्या, आवाज वेगळा रेकॉर्ड झालेला असतो तो क्लॅपवर जुळवायचा, क्लिपांना नावं द्यायची, कुठल्या टेकमध्ये फेटा सुटलाय, कुठल्यात कपाळावरचं गंध पुसलंय ते लिहून ठेवायचं. गंध! ऐतिहासिकात मला स्वप्नात गंध दिसायचं. सकाळच्या शॉटला आडवं, दुपारी मेकअपवाला बदलला की जरा वर, रक्त आधी डाव्या गालावर, मग उजव्या. जेवणाच्या सुट्टीनंतर राजे दोन किलोनं जड झालेले.

मला सुरुवातीला महिना आठ हजार मिळायचे, सोडलं तेव्हा बावीस. चौघी मिळून एक खोली. रात्री दोनला स्टुडिओतून निघायचं म्हणजे घरच्यांचा फोन चालूच. एका निर्मात्याने शेवटचे तीन महिने दिलेच नाहीत, आणि श्रेयनामावलीत माझं नाव चुकीचं छापलं. हे सगळं मुलींना जास्त जड जातं, पण मुलांनाही हलकं नसतं.

तरी एक सांगते. या कामात बाया पहिल्यापासून आहेत. 1962 च्या 'लॉरेन्स ऑफ अरेबिया'मधला तो प्रसिद्ध कट, नायक पेटती काडी फुंकतो आणि थेट वाळवंटातली पहाट, तो ॲन कोट्स या बाईंनी कापलाय. मुळात तिथं एक दृश्य दुसऱ्यात विरघळणार होतं. ते काम लॅबमध्ये व्हायचं, म्हणून तोवर दोन तुकडे नुसते एकमेकांना जोडून बघितले, आणि बसलेल्यांच्या लक्षात आलं की हेच जास्त भारी आहे. आपल्याकडे रेणू सलुजा. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटच्या. 1993 च्या 'सरदार'साठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. आपला निजाम, हैदराबादचं प्रकरण, सगळं त्यात आहे. त्या गेल्या 2000 साली, पन्नाशीसुद्धा गाठली नाही.

बँकेतला_माणूस (बुधवार, दुपारी 3:05)

म्हणजे माझाच मुद्दा सिद्ध झाला. आठ हजार.

ट्रिमबिन (बुधवार, दुपारी 3:11)

हो, झाला. पण तुमचा रविवारचा छंदवाला मुद्दा नाही झाला. हे काम रविवारी होत नाही.

जयंतीकाठ (बुधवार, रात्री 8:45)

दोघांचे मनापासून आभार. भाच्याने कात्रीवाला सरांचा प्रतिसाद तीनदा वाचला म्हणे. त्याने विचारायला सांगितलंय: (1) शिकायचं कुठं? (2) कुठलं सॉफ्टवेअर? (3) दरबाराचं तुम्ही अर्धवट सोडलंत, ते पूर्ण करा.

कात्रीवाला_जालना (गुरुवार, पहाटे 3:25)

पहिले दोन पटकन उरकतो. पुण्याच्या इन्स्टिट्यूटमध्ये, 1960 पासून, जुन्या प्रभात स्टुडिओच्या जागेवर आहे ती, एडिटिंगचा पदवीनंतरचा तीन वर्षांचा अभ्यासक्रम आहे. टीव्ही विभागात एक वर्षाचाही आहे. कोलकात्याला सत्यजित राय यांच्या नावाची संस्था आहे, 1995 ची. प्रवेश परीक्षा द्यावी, मिळालं तर सोनं. मला मिळालं नव्हतं. मी जालन्यात लग्नाच्या कॅसेटी कापायचो, तिथून दादरच्या एका छोट्या स्टुडिओत चहा आणण्यापासून सुरुवात. सॉफ्टवेअरचा बाऊ करू नका. मोठ्या कामांना अॅव्हिड चालतं, मालिकांत प्रीमियर, आणि डाविंची रिझॉल्व्हची फुकट आवृत्ती मिळते, तिच्यावर शिका. बटणं महिनाभरात येतात. पैशाचं ट्रिमबिन ताईंनी सांगितलं तेच खरं. मालिकेत भागामागं पैसे ठरतात आणि हातात येतात तीन महिन्यांनी. गावाकडं थोडंफार पिकतं म्हणून मी तगलो. ज्यांच्या पाठीशी काहीच नव्हतं ती हुशार पोरं परत गेली. बँकेतल्या दादांना मी नावं ठेवणार नाही. माझं पहिलं घरकर्ज दोनदा नाकारलं गेलंय.

एआयचं दादांनी विचारलंय. क्लिपा लावणं, आवाज जुळवणं, भाषणाचा मजकूर काढून देणं, ही कामं मशीन करायलाच लागलंय. ट्रिमबिन ताईंनी जे दोन वर्षं केलं ते आता चार दिवसांत होतं. त्यामुळे नव्या पोराला आत शिरायची पहिली पायरीच खिळखिळी झालीय, ही भीती खरी आहे.

आता दरबार. हे मी कुठल्या संस्थेत शिकलो नाही, गोंधळात शिकलो.

आमच्या घरात तुळजापूरची भवानी. लग्न झालं की गोंधळ ठरलेला. रात्री दहाला चौक मांडायचे, दिवटी पेटवायची, आणि संबळ सुरू झाला की आम्ही पोरं पुढं जाऊन बसायचो. मुख्य गोंधळी आख्यान लावायचा. त्याच्या बाजूला त्याचा जोडीदार तुणतुणं घेऊन. हा जोडीदार मला लहानपणी फार बिनकामाचा वाटायचा. गोंधळी एक ओळ म्हणणार, हा नुसता शेवटचा शब्द उचलणार. मधूनच मान हलवणार. मधूनच विचारणार, "मंग रं? पुढं काय झालं?" पोवाड्यातही तेच. शाहीर डफावर थाप मारून गातो आणि मागं साथ देणारे झीलकरी "जी जी रं जी". वाटायचं, याला कशाला पैसे देतात?

मुंबईत पहिली ऐतिहासिक मालिका मिळाली तेव्हा माझ्या हातात एक दरबाराचा प्रसंग आला. साडेचार मिनिटं नुसतं बोलणं. मी जे सगळे करतात ते केलं. जो बोलतो त्याच्यावर कॅमेरा, वाक्य संपलं की दुसऱ्यावर, मध्ये मध्ये ताणासाठी एक ढोल. मेलेलं झालं. आमचे सर म्हणाले, "टाइट कर." टाइट केलं, श्वास काढून टाकले, हवा काढली. आणखी मेलं. दोन रात्री तसाच बसलो. तिसऱ्या रात्री रशेस (शूट झालेला कच्चा माल) बघताना एक कोपऱ्यातला म्हातारा सरदार दिसला. संवाद एकही नाही त्याला. पण प्रत्येक टेकमध्ये तो खरंच ऐकत होता. राजे काही बोलले की याचा हात गुडघ्यावरून जरासा सरकायचा. ट्यूब पेटली. हा झीलकरी! मी सगळा प्रसंग त्याच्यावर बांधला. राजे बोलतायत, आपण म्हाताऱ्याकडं बघतोय. राजे थांबले, तो मान खाली घालतो, आणि मग राजे. मोठ्या नटाचा चेहरा पहिल्यापेक्षा कमी वेळ दिसला आणि प्रसंगात तो मोठा मात्र जास्त झाला.

झीलकरी दोन कामं करतो. शाहिराला श्वास घ्यायला जागा देतो, आणि आता इथं छाती फुगवायची की डोळे पुसायचे ते लोकांना न सांगता सांगतो. ऐतिहासिकात हे फार लागतं, कारण भाषा जड असते, नावं अवघड असतात, प्रेक्षकाला अर्धं कळत नाही. ऐकणाऱ्याच्या तोंडावर तो अर्थ वाचतो. नव्या पोरांना मी म्हणतो, रशेस आले की आधी न बोलणाऱ्यांचे शॉट बघा. तर ती माझ्याकडं असं बघतात की म्हातारा झाला.

रिकामटेकडा_उदगीर (गुरुवार, सकाळी 8:02)

कात्रीवाले, लई भारी लिव्हलंव. आमच्याकडं घरात बाप बोलायला लागला की आम्ही सगळे झीलकरीच.

खुलताबादी (गुरुवार, सकाळी 11:40)

वाचतोय, छान चाललंय. एक जुनं दुखणं मांडतो, कात्रीवाल्यांकडून उत्तर हवंय.

पडद्यावरच्या ऐतिहासिकात मराठवाडा म्हणजे काय? खलनायकाचा तंबू. हिरवे पडदे, हुक्का, मागे भेसूर संगीत, की समजायचं आपलं गाव आलं. खुद्द वेरूळ भोसल्यांचं मूळ गाव, हे दोन सेकंदांत उरकतात. देवगिरी दाखवतात ती 1296 (खिलजीची स्वारी) आणि 1327 (तुघलकाची राजधानी) पुरती. मलिक अंबर 1626 ला गेला, इथंच खुलताबादला त्याची कबर आहे, त्याने खडकी (म्हणजे आजचं संभाजीनगर) वसवली, जमिनीखालून पाणी आणलं, मोगलांना जेरीस आणलं, त्याला कुणी धड पात्र म्हणून उभं करत नाही. आणि सगळ्यात मोठं म्हणजे उदगीर. 3 फेब्रुवारी 1760. सदाशिवराव भाऊंनी निजामाला हरवलं, इब्राहिमखान गारद्याच्या तोफा पहिल्यांदा मराठ्यांच्या बाजूने चालल्या, देवगिरीचा किल्ला तहात मिळाला. तिथून पुढे जालना जिल्ह्यातल्या परतूरला तळ, पेशव्यांची मसलत तिथं झाली, आणि मार्च 1760 मध्ये पानिपतची मोहीम परतूरहून निघाली. पडद्यावर कुठून निघते? शनिवारवाड्यातून, आरती ओवाळून. हे कोण कापतं?

फुकटचा_समीक्षक (गुरुवार, दुपारी 12:15)

अनुमोदन! खुलताबाद, औरंगाबाद या पट्ट्यावर

(बाकीचा मजकूर संपादित)

धागापाल (गुरुवार, दुपारी 1:30)

शहराच्या नावावरून आलेले नऊ प्रतिसाद काढले आहेत. त्यासाठी वेगळा धागा आहे, तिथे 412 प्रतिसाद आधीच झालेत. इथे एडिटिंगवर बोला.

कात्रीवाला_जालना (शुक्रवार, पहाटे 2:50)

खुलताबादी, "हे कोण कापतं" विचारलंत. मी कापलंय.

पानिपतावरच्या एका मालिकेवर होतो. लेखक अभ्यासू होता, त्याने परतूरचा तळ लिहिला होता. शूटही झाला. दोन तंबू, एक शेकोटी, भाऊ आणि पेशवे समोरासमोर, दत्ताजी शिंदे बुराडीला पडल्याची बातमी आलेली, आणि उत्तरेला कोण जाणार यावर बोलणं. खालच्या बाजूला पाटी यायची होती: "मुक्काम परतूर". माझी आई परतूर तालुक्यातली. रशेस बघताना मी तिला फोन करून सांगितलं की आपलं परतूर येणार टीव्हीवर.

भाग बावीस मिनिटांचा लागतो. रफ कट (पहिली कच्ची जोडणी) सत्तावीसचा झाला. वाहिनीकडून सूचना आली की शनिवारवाड्यातला बायकांचा प्रसंग हलवायचा नाही, सणाचा आठवडा आहे, औक्षण पाहिजे. लढाईच्या शॉटचे व्हीएफएक्सचे पैसे गेलेले, त्याला हात लावता येत नाही. मग उरतं काय? दोन तंबू आणि एक शेकोटी. दोन मिनिटं चाळीस सेकंद. मी आधी चाळीस सेकंद ठेवून बघितले, ते कळेनात. मग नुसती पाटी ठेवून बघितली, ती लटकत राहिली. भाऊ उदगीरला तलवार उपसतो आणि पुढच्या शॉटला पुण्यात औक्षण, हा कट मात्र असा बसला की सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. तलवारीच्या पात्यावरची चमक आणि निरांजनाची ज्योत. शाळकरी पोरालाही आवडेल असा कट. त्या एका कटानं मोहिमेचा रस्ताच बदलला.

तुम्ही म्हणाल भांडायचं होतं. भांडलो. थोडंसं. तेव्हा माझं वय एकतीस, हप्ते चालू, पुढची मालिका त्याच निर्मात्याकडं. रात्री साडेअकराला फाइल पाठवायची होती. लोक म्हणतात इतिहास बदलण्याचं कारस्थान असतं. काही ठिकाणी असेलही, मला माहीत असलेल्या बहुतेक वेळी पाच मिनिटं जास्त झालेली असतात आणि जे सगळ्यात स्वस्तात शूट झालंय ते जातं. आणि मराठवाड्याचे प्रसंग कायम स्वस्तात शूट होतात, कारण तिथं महाल नाही, तंबू असतो.

आईने तो भाग सगळा आळी जमवून बघितला. संपल्यावर फोन आला. "अरं, आपलं परतूर कधी आलं? मी देवापुढं दिवा लावायला उठले तवा आलं का?" मी म्हणालो, हो, तेवढ्यातच येऊन गेलं.

ट्रिमबिन (शुक्रवार, सकाळी 10:20)

सर, त्या दोन मिनिटं चाळीस सेकंदांचं तुम्ही काय केलंत? पुसलंत?

कात्रीवाला_जालना (शुक्रवार, सकाळी 10:26)

नियमाप्रमाणे पुसायला पाहिजे होतं. एवढंच सांगतो की नियम मोडणारा माणूस कर्जाला नालायक असतो, बँकेतले दादा बरोबर बोलतात.

बँकेतला_माणूस (शुक्रवार, सकाळी 10:40)

कर्जाचं बघू नंतर. तुमच्या आईला तो तुकडा दाखवलात का?

कात्रीवाला_जालना (शुक्रवार, सकाळी 10:44)

दिवाळीत. लॅपटॉपवर. म्हणाली, "भाऊ लई बारीक दिसायलाय, जेवत न्हाई वाटतं."

जयंतीकाठ (रविवार, रात्री 9:15)

मंडळी, थोडा उशीर झाला. गावी गेले होते. भाचाही आला होता. धागा भावाला वाचून दाखवला. आठ हजारांवर तो गप्प झाला, गाजरगवतावर हसला आणि परतूरचं ऐकून उठून बाहेर गेला.

भाच्याने सरांचं झीलकरीचं मनावर घेतलंय. आमचे वडील 87 वर्षांचे आहेत. रझाकारांच्या वेळी ते दहा वर्षांचे होते. बायका-पोरांना रात्री ज्वारीच्या शेतात कसं लपवलं, तोंडावर हात ठेवून कसं बसवलं, हे ते सांगतात. मागच्या 17 सप्टेंबरला त्याने ते मोबाइलवर रेकॉर्ड केलं होतं. आता त्याचा सहा मिनिटांचा तुकडा कापलाय आणि सरांनी बघावा अशी त्याची इच्छा आहे. व्यक्तिगत निरोपात दुवा पाठवलाय.

कात्रीवाला_जालना (सोमवार, पहाटे 3:40)

बघितलं. दोनदा.

कट चांगले घेतो, कान आहे त्याला. आवाज आधी आणून चित्र मागून आणायची युक्ती त्याची त्याला सापडलेली दिसते. मागचा करुण बासरीचा तुकडा काढून टाकायला सांगा.

एक विचारायचंय. आजोबा "अन् मग आईनं धाकट्याच्या तोंडावर हात ठिवला" म्हणतात आणि त्यानंतर लगेच "सकाळी" असा शब्द येतो. मध्ये ते किती वेळ गप्प होते?

जयंतीकाठ (सोमवार, संध्याकाळी 6:30)

विचारलं. तो म्हणतो, अकरा-बारा सेकंद. काहीच बोलत नव्हते, बाहेर म्हैस ओरडत होती, म्हणून काढून टाकलं.

कात्रीवाला_जालना (सोमवार, रात्री 11:50)

सगळे परत ठेव म्हणावं. म्हशीसकट.

आणि त्या बारा सेकंदांत ऐकणारं कोण होतं समोर?

जयंतीकाठ (मंगळवार, सकाळी 7:05)

आमची आई. कॅमेऱ्याच्या शेजारीच बसली होती, तिनं ही गोष्ट साठ वर्षांत शंभरदा ऐकलीय. तिच्याकडं मोबाइल वळवलाच नाही त्याने. आता विचारलं तर ती म्हणते, "मी कशाला? मी काय बोलले? मी तर नुसती ऐकायले."

पुढच्या रविवारी तो परत गावी जाणार आहे. भावाने निरोप दिलाय, येताना अंबाजोगाईहून फवारणी पंपाची बॅटरी घेऊन ये.